दिलेरनगरचा आडवा दगड

मित्रांनो, केजहून नांदूरघाटाकडे जाताना एका गावाची शीव लागते. तिथे रस्त्याच्या डाव्या हाताला एक लांबट काळा दगड उताणा पडलेला दिसेल. मधोमध खोलगट झालेला, पन्हळीसारखा झिजलेला. तो मी. मी एक फार जुना हद्दीचा दगड आहे. आणि समोर उजव्या हाताला, निळ्या पत्र्याच्या छपराखाली, शेंदराने माखलेली आणि चांदीचे डोळे लावलेली जी उभी आहे ना, ती माझी बहीण. गाव तिला शीवआई म्हणतं. मला गाव काहीच म्हणत नाही.

माझी गोष्ट सांगायची तर तिचीही सांगावी लागते. माझं दुखणं तेच आहे.

आम्ही दोघं एकाच कातळातून निघालो. बालाघाटाच्या डोंगरात एक पाथरवट काम करत होता. त्याने कातळावर ओळीने भोकं पाडली, त्यांत लाकडाच्या खुंट्या ठोकल्या आणि त्यांवर पाणी ओतत राहिला. लाकूड फुगलं आणि कातळ मधोमध उकलला. एक फाळका मी, दुसरा ती. पाथरवटाने आम्हाला एकाच छिन्नीने तासलं, एकाच मापाने कापलं. आमच्यात डावं-उजवं करण्यासारखं त्याने काहीच ठेवलं नव्हतं. ते पुढे माणसांनी केलं.

त्या काळी दिल्लीच्या बादशहाचं राज्य दक्षिणेत उतरत होतं. मुलूख जिंकायचा, त्याचे तुकडे पाडायचे, तुकड्याला नाव द्यायचं आणि तिथे एक अमलदार बसवायचा, अशी त्यांची रीत. आज तुम्ही जिल्हा म्हणता तशा भागाला तेव्हा सरकार म्हणत. आमच्या भागाचंही एक नवं सरकार झालं आणि त्याचं नाव पडलं दिलेरनगर. गंमत अशी की दिलेरनगर नावाचं गाव कुठेच नव्हतं. कुठल्याशा सरदाराला खूश करायला ते नाव कागदावर आलं आणि कागदावरून आमच्या छातीवर. वर फारसीत आणि खाली बाळबोध अक्षरांत पाथरवटाने कोरलं, ‘येथून सरकार दिलेरनगर’. माझ्यावरही तेच, तिच्यावरही तेच.

आम्हाला वाटेच्या दोन्ही बाजूंना उभं केलं. जणू दार नसलेल्या दाराची चौकट. अमलदार स्वतः घोड्यावरून आला. तो माझ्या बाजूने आला, म्हणून त्याने आधी मला वाचलं. रुमालाने माझ्या अक्षरांतली भुकटी झटकली आणि म्हणाला, “वाहवा, काय वळण आहे!” तिच्याकडे त्याने नुसती मान वळवली. मित्रांनो, माझ्या उभ्या आयुष्यातलं ते एकच कौतुक. ते मी आजवर पुरवून पुरवून खाल्लं आहे.

तेव्हा मी कसा ताठ असे! गाडीवान आमच्या मधून जाताना बैलांचे कासरे ओढून थांबत. पलीकडचा माणूस अलीकडच्याला विचारी, “आता आपण कोणत्या राज्यात आलो?” आणि तो माझ्याकडे बोट दाखवी. माझ्याकडे. कारण मी अगोदर दिसे.

ते सरकार एका तपाच्या आत मोडलं. लढाई झाली नाही, कुणी रडलं नाही. वर कुणाच्या तरी मनात आलं, आणि दोन सरकारं मिळून एक झालं. एक स्वार आला, त्याने हुकूम वाचून दाखवला, ‘जुन्या हद्दीचे दगड पाडा’, आणि पाणी पिऊन तो निघूनही गेला.

आता ऐका, सगळा घात कुठे झाला ते. माझी बाजू काळ्या मातीची. काळी माती पावसात फुगते, उन्हाळ्यात भेगाळते आणि दरवर्षी पोटातला दगड थोडा थोडा सैल करते. तिची बाजू मुरमाची, मुठीत धरल्यासारखी घट्ट. गड्यांनी मला दोर लावला आणि मी पहिल्याच हिसक्याला उताणा पडलो. मग तिला दोर लावला. दुपारपर्यंत ओढलं, ती हलली नाही. ऊन चढलं, गड्यांना भूक लागली.

“राहू दे रे तिला,” त्यांच्यातला म्होरक्या म्हणाला, “कोण बघतंय!”

आणि ते भाकरी खायला बसले. कुठे बसले? माझ्यावर.

पुढच्या उन्हाळ्यात आसपासच्या गावांत गुरांवर रोग आला. गावोगाव गोठे रिकामे झाले. आमच्या गावात मात्र एक वासरूही दगावलं नाही. रोग शीवेवरच अडला, असं लोक म्हणू लागले. शीवेवर कुणी अडवला? तर जी उभी आहे तिने. एका बाईने तिला हळद लावली, दुसरीने कुंकू, आणि दिवाळीपर्यंत तिच्यावर शेंदराचा पहिला थर चढला. अक्षरं झाकली गेली. ती उभी राहिली म्हणून देव झाली. मी पडलो म्हणून दगड राहिलो. मुरूम आणि काळी माती, एवढाच काय तो फरक. आणि मीही त्याच शीवेवर होतो की! रोग आडवा पडलेल्याला भीत नाही, असं कुणी ठरवलं?

तेव्हापासून मी आभाळाकडे तोंड करून पडलो आहे, पण कड किंचित कललेली असल्यामुळे समोरचं सगळं दिसतं. ते दिसतं हीच तर शिक्षा. तिला लुगडं नेसवतात. तिच्यापुढे दिवा लागतो. तिच्यावर कावळा बसला तर लोक हात जोडून शकुन विचारतात, माझ्यावर बसला तर त्याला खडा मारतात आणि तो खडा मलाच लागतो. नवरी सासरी निघाली की गाडी तिच्यासमोर थांबते. आणि नारळाचं तर काय सांगू! तिच्यापुढे फोडायला धारदार कड नाही, म्हणून नारळ फुटतो माझ्या डोक्यावर. पाणी माझ्या अंगावरून ओघळून मातीत जातं आणि खोबरं रस्ता ओलांडून तिच्या पुढ्यात.

माझ्या वाट्याला काय आलं? पानाच्या पिचकाऱ्या, विझवलेल्या विड्या आणि एसटीची वाट बघणाऱ्यांची बुडं. एका निवडणुकीत कुणीतरी माझ्यावर चुन्याने बाण काढला होता. तोही चुकीच्या दिशेला.

निजामाचं राज्य आलं आणि गेलं. तहसिली झाल्या, जिल्हे झाले. दिलेरनगर हे नाव जगात कुणाच्याच तोंडी राहिलं नाही. ते फक्त माझ्या छातीवर होतं. मी मनाशी म्हणत असे, तिला शेंदूर असेल, पण नाव माझ्याकडे आहे. तिचं झाकलं गेलं, माझं उघडं आहे. एक दिवस कुणीतरी वाचता येणारा येईल.

पण माझी तासलेली छाती हेच माझं दुसरं दुर्दैव ठरलं. ती गुळगुळीत आणि आभाळाकडे वळलेली. दिवाळी झाली की आमच्या भागातली निम्मी माणसं कारखान्यांकडे ऊस तोडायला निघतात. पाठीवर बिऱ्हाड, पोटाशी लेकरं आणि हातात कोयते. आमच्या गावाची रीत अशी की गाव सोडताना कोयत्याची पहिली धार शीवेवर लावायची. पुढे उसाच्या फडात कानस असते, तिथे रोजची धार लागते. पण पहिली धार माझ्यावर. तांब्याने पाणी ओतायचं, कोयता आडवा धरायचा आणि खस्, खस्, खस्. पिढ्यान्‌पिढ्या. आधी फारसीतले नुक्ते गेले, मग काने, मग वेलांट्या. मी ओरडू शकत नव्हतो. धार लावून झाली की लोक कोयता कमरेला अडकवून रस्ता ओलांडत आणि तिच्या पाया पडत. माझ्यावर झिजवलेल्या लोखंडाचं पुण्य तिच्या खात्यावर!

आणखी एक सांगतो. पूर्वी गावाबाहेरच्या एका वस्तीतल्या माणसांना शीवआईच्या कट्ट्यावर पाय ठेवू देत नसत. ती माणसं अलीकडेच थांबत, माझ्याजवळ. माझ्यावर बसून लांबूनच हात जोडत. मला त्याचाही राग येई. जे तिच्याकडे जाऊ शकत नाहीत ते माझ्याकडे येतात, म्हणजे मी उरलेल्यांचा दगड! पुढे त्या वस्तीने बुद्धाचा मार्ग धरला. मग त्यांनी रस्त्यापलीकडे हात जोडणंही सोडून दिलं. पण जाता-येता माझ्यावर बसणं काही सोडलं नाही. मला वाटे, सवयीने बसत असतील.

त्यांच्यातलीच दगडाबाई. आता म्हातारी झाली आहे, पण तिने उभं आयुष्य ऊस तोडला. दरवर्षी निघताना ती माझ्यावर कोयता घासायची. घासून झाल्यावर उरलेलं पाणी ओंजळीत घेऊन मला धुऊन काढायची, तव्यावरची राख पुसावी तशी. ती असं का करते, हे मी कधी मनावर घेतलं नाही. माझे डोळे समोर असत. त्या वेळी नेमकं कुणीतरी बहिणीपुढे पेढे ठेवत असायचं.

गेल्या उन्हाळ्यात रस्ता रुंद करायची माणसं आली. पिवळं यंत्र आलं, लाल रेघ आली. ती रेघ आम्हा दोघांच्याही पलीकडून गेली, म्हणजे दोघांनाही उठावं लागणार होतं. शीवआईसाठी गावाने बैठक घेतली. मागे सरकून नवा कट्टा बांधायचा, संगमरवरी फरशी लावायची, वाजतगाजत न्यायची, असं ठरलं. तिची पूजा करणारा शहादेव आठ दिवस धावपळ करत होता. माझ्यासाठी बैठक झाली नाही. यंत्राच्या कामावरच्या नवनाथने माझ्यावर पांढरी फुली मारली. ते बघून शहादेवने विचारलं, “ह्येचं काय करनार?”

“काय करायचं? क्रशरला जाईल,” नवनाथ म्हणाला. “चांगला काळा दगड हाय. लई खडी निघंल.”

मित्रांनो, तीन राज्यं बघितली मी, पण खडी व्हायची वेळ पहिल्यांदाच आली.

आणि त्याच आठवड्यात माझ्या आयुष्यभराच्या वाट बघण्याला जणू फळ आलं. दगडाबाईची नात पंचशीला गावी आली. ती मोठ्या शहरातल्या संग्रहालयात नोकरी करते, तिला फारसी वाचता येते. कुठल्याशा जुन्या दप्तरात तिला दिलेरनगरचं नाव सापडलं होतं. ती शहादेवला म्हणाली, “मामा, असं नाव कोरलेला एक जरी दगड मिळाला ना, तर तो आमच्याकडं नेता येईल. आत सावलीत ठेवू, वर दिवा लावू, खाली माहिती लिहू.”

दिवा! वर दिवा! आणि तिच्यापुढे जळणारा तेलाचा नव्हे, विजेचा. मी आतून फुलून आलो. बघ बाई, मी बहिणीला मनात म्हणालो, शेवटी अक्षर ते अक्षर. शेंदूर कोण वाचणार?

शीवआईला हलवायच्या सकाळी सगळा गाव जमला. हलगी वाजत होती. नवनाथने तिच्या कमरेला जाड पट्टा आवळला आणि यंत्राने ओढ घेतली. मुरूम सुटता सुटत नव्हता. अचानक करकर आवाज झाला आणि तिच्या अंगावरचं शेंदराचं सगळं कवच चांदीच्या डोळ्यांसकट गळून खाली पडलं. सापाची कात पडावी तसं.

हलगी थांबली. बायकांनी तोंडाला पदर लावले. आणि मी बघितलं, तिच्या छातीवर अक्षरं होती. कालच छिन्नी फिरल्यासारखी. प्रत्येक काना, प्रत्येक नुक्ता. शेंदराने ती झाकली नव्हती, जपली होती.

पंचशीलाने पुढे होऊन मोठ्याने वाचलं, “येथून सरकार दिलेरनगर.”

किती पिढ्यांनी ते नाव कुणाच्या तरी तोंडून ऐकलं मी! आणि ते वाचलं कुणावरचं? तिच्यावरचं. माझ्याकडे म्हणून जी एक गोष्ट होती, तीसुद्धा तिच्याकडे निघाली. मित्रांनो, दगडाला घाम फुटत नाही म्हणतात. त्या सकाळी मी घामाघूम झालो होतो.

“आई कुटं देनार न्हाई हां आमी,” शहादेव आधीच हात आडवे करून उभा राहिला.

“नका देऊ, मामा. मी फोटो घेते, कागदावर ठसा घेते. तुमची आई तुमच्याकडंच राहू द्या,” पंचशीला हसून म्हणाली. मग ती माझ्याकडे वळली. “जोडीचा दगड हाच असणार.”

तिने माझ्यावर पाणी ओतलं. बोटं फिरवली, एकदा उभी, एकदा आडवी. खोलगट पन्हळीत तिची बोटं घसरत राहिली. अगदी कडेला ‘न’ची अर्धी काठी तेवढी लागली. ती उठली, ओढणीला हात पुसले आणि म्हणाली, “ह्याच्यावर काहीच उरलं नाही. धार लावून लावून सगळं गेलं.”

“मंग उचलू का?” नवनाथने विचारलं. यंत्राचा पंजा माझ्याकडे वळला.

“ए बाबा, थांब!”

दगडाबाई काठी टेकत आली आणि सरळ माझ्यावर बसली. यंत्राचा पंजा तिच्या डोक्यावर लोंबत होता.

“आज्जे, उठ की. काम खोळंबलंय,” नवनाथ वैतागला.

“तुला कावून एवढी घाई हाय रं? तीन दिस झाले यंतर बंद पडलं व्हतं, तवा तू ह्याच्यावरच झोपला व्हतास न्हवं तंगड्या पसरून?”

लोक हसले. नवनाथही ओशाळून हसला.

“आज्जी, यावर अक्षरं राहिली नाहीत गं,” पंचशीला समजुतीने म्हणाली. “संग्रहालयात घेणार नाहीत.”

“अक्षरं मला कुटं वाचता येत्यात?” दगडाबाई म्हणाली. “माझं नाव ह्याच्यावरनं हाय.”

पंचशीला तिच्या शेजारी टेकली.

“माझ्या आदी मायची दोन लेकरं गेली. तवा लोक लेकरू शीवआईच्या पायावर घालायचे, जगावं म्हनून. आमाला त्या कट्ट्यावर चढू देत न्हवते. माय मला घिऊन हितं उभी राहिली. पलीकडून मानसं म्हनली, मागं सर. मंग मायनं मला ह्याच्यावर ठिवलं. ह्या खोलगट जाग्यात. अन म्हनली, तिकडं न्हाई तर न्हाई, तू तर हाईस ना. हिला तुझ्यावानी टिकव. म्हनून मी दगडाबाई. टिकले का न्हाई?”

शहादेवच्या हातांना गळलेला शेंदूर लागला होता, तो धोतराला पुसत खाली बघत राहिला. मागे सर म्हणणारी माणसं कुणाच्या घरातली होती, हे त्याला कुणी सांगायची गरज नव्हती.

“हे कधी सांगितलं न्हाईस,” पंचशीला हळूच म्हणाली. तिची शहरी बोली कुठल्या कुठे गेली होती.

“तू इचारलं व्हतं का?”

मग शहादेवच पुढे आला. “नवनाथ, तो पंजा बाजूला घे. दिवाळीला टोळ्या निघतील तवा पहिली धार कुटं लावायची? तुझ्या खडीवर?” क्षणभर थांबून तो दगडाबाईला म्हणाला, “नव्या कट्ट्यावर जागा हाय, दगडाबाई. आईच्या शेजारी ठिवू ह्याला.”

आईच्या शेजारी! मित्रांनो, छपराखाली, संगमरवरावर, तिच्या बरोबरीने!

“नगं,” दगडाबाई म्हणाली. “व्हता तसा समोर राहू दे. आमच्या बाजूला.”

“मंग निदान उभा तरी करतो नीट,” नवनाथ म्हणाला. “सिमिटात रोवतो. पुना पडनार न्हाई.”

उभा! याच एका गोष्टीसाठी मी इतकी वर्षं जळत होतो. मी वाट बघत राहिलो.

“उभ्या दगडावर बसायचं कसं?” दगडाबाई म्हणाली. “अन लेकरू कसं ठिवायचं? आडवाच ठिव.”

आणि मी परत आडवा झालो. नव्या रस्त्याच्या कडेला, लिंबाच्या सावलीत, सिमेंटच्या दोन ठोकळ्यांवर, खोलगट बाजू वर करून.

हेवा संपला, असं म्हणणार नाही. तसं म्हटलं तर तुम्हीही विश्वास ठेवणार नाही. परवा तिला नवे चांदीचे डोळे बसवले तेव्हा मी पुन्हा जळलोच. पण आता तिच्याभोवती लोखंडी जाळी आहे. चोरीच्या भीतीने शहादेव तिला कुलूप लावतो. लोक लांबूनच हात जोडतात. माझ्यावर मात्र दुपारी पोरं बसतात, म्हातारे टेकतात, उसाला निघालेल्या बायका निजलेलं लेकरू क्षणभर माझ्या खोलगट जागेत ठेवून डोक्यावरचं बोचकं सारखं करतात. ते खोलगट भांडं कोयत्यांनी घडवलं. माझी अक्षरं गेली म्हणूनच ते लेकरू तिथे मावतं. आणि कधी कधी, उन्हं कलली की, वाटतं, जाळीपलीकडून तीच माझ्याकडे टक लावून बघते आहे.

मला एकच गोष्ट आठवत नाही. फार आठवून बघतो. दगडाबाईच्या मायने जेव्हा आपलं तान्हं बाळ माझ्यावर ठेवलं, तेव्हा ते किती वजनाचं होतं, किती ऊन होतं, रडलं की हसलं? काहीच आठवत नाही. त्या दिवशी समोर बहिणीला चांदीचे पहिले डोळे बसवत होते, आणि मी तिकडे बघत होतो.

म्हणून, मित्रांनो, माझं मागणं फार नाही. माझ्यावर बसा, धार लावा, नारळही फोडा, फक्त पिचकाऱ्या मारू नका. आणि तुमच्या अंगावर कुणी विश्वासाने आपलं बाळ ठेवलं, तर तेवढा वेळ तरी रस्त्यापलीकडे बघू नका.